खाल्लें मीठ कोणाचें?

ज्याचें मीठ खावें त्याच्याविरुद्ध बोलूं नये, हा आपल्याकडील जुना दंडक. प्रदीप इंदुलकर यांस तो कोणी लावूं पाहील, तर त्याचा विचार करणें आम्हांस अवश्य वाटतें. हे गृहस्थ पूर्वीं भाभा अणुसंशोधन केंद्रांत अभियंते होते. पुढें त्यांनीं तारापूरच्या विस्थापितांवर ‘हाय पॉवर’ हा लघुपट काढला, आणि २०१३ सालीं रिओ द जानेरो येथील युरेनियम चित्रपट महोत्सवांत तो गौरविला गेला.

तारापूरच्या पहिल्या दोन अणुभट्ट्या १९६९ सालच्या. प्रत्येकी ५४० मेगावॅटच्या आणखी दोन २००५-०६ मध्यें चालू झाल्या. या नव्या भट्ट्यांपायीं अक्करपट्टी व पोफरण हीं गांवें उठलीं. शेतकऱ्याचें शेत गेलें, मच्छीमाराचा किनारा गेला. लघुपटांत बोलतात तीं हीं माणसें.

यास कृतघ्नता म्हणावयास आम्ही तयार नाहीं. सरकारी अभियंत्याचा पगार सार्वजनिक तिजोरींतून येतो, आणि त्या तिजोरींत पोफरणच्या कोळ्याचाहि पैसा असतो. मग मीठ खाल्लें तें कोणाचें? शिवाय, भट्टी आंतून पाहिलेल्या माणसानें गप्प बसावें आणि न पाहिलेल्यानें बोलावें, हा कोठला न्याय? अणुवीज नकोच, असें आमचें म्हणणें नाहीं. कोळशाचा धूरहि कोणाच्या तरी छातींत जातोच.

आमच्या या पट्ट्यांत विस्थापन ही परकी गोष्ट नव्हे. फाळणीनंतर आलेल्या सिंधी निर्वासितांच्या छावणीस १९४९ सालीं उल्हासनगर हें नांव मिळालें. घर सुटणें म्हणजे काय, हें तेथील वृद्धांस शिकवावयास नको. बदलापूरजवळ बारवी धरण आहे. त्याचें पाणी अंबरनाथच्या कारखान्यांस व उल्हासनगरच्या नळांस येतें, आणि त्याची उंची वाढवितांना मुरबाडकडील आदिवासी पाडे उठले. परंतु पाण्याचें ऋण निदान दिसतें. धरण कोठें आहे हें ठाऊक असतें. विजेचें तसें नाहीं. तारापूरची वीज पश्चिम भारताच्या तारांच्या जाळ्यांत एकदां मिसळली, कीं ती कोणाच्या दिव्यांत जळली हें कोणासहि सांगतां येणार नाहीं. ऋणको असंख्य, आणि एकासहि आपला धनको ठाऊक नाहीं!

त्या धनकोंचे चेहरे या लघुपटानें रिओपर्यंत नेले. अंबरनाथ-बदलापूरच्या शाळांतून तो एकदां दाखविला जावा, आणि मुलांनीं घरीं जाऊन विजेचें बिल वाचावें, एवढी आमची सूचना आहे.