वाहणाऱ्याचा धर्म

श्रावणाच्या शेवटच्या सोमवारी अकोल्याच्या जुन्या शहरात राजराजेश्वराच्या देवळाकडे कावडी येतात. गांधीग्रामला पूर्णेचे पाणी भरायचे, खांद्यावर घ्यायचे आणि रात्रभर चालत शहर गाठायचे. शंभर-शंभर भरण्यांची, म्हणजे पाण्याच्या भांड्यांची, कावड असते; बांबू वाकतो, खांदा सोलून निघतो, पाणी हिंदकळते, तरी पावलागणिक ‘हर्र बोला महादेव’ चालूच. पाणी नदीचे, अभिषेक देवाचा; खांदेकऱ्याच्या मालकीचे काहीच नाही. पण त्याचे काम दुय्यम आहे, असे जुन्या शहरात कोणी म्हणून पाहावे! कलेच्या प्रांतात मात्र आपण हे मोठेपण विसरतो. गाणाऱ्याने गाणे मागे ठेवून दुसऱ्यांचे गाणे जगापर्यंत न्यायचे काम धरले, की ‘तो कंपनीत गेला’ म्हणून आपण मोकळे होतो. गळा असलेल्या माणसाने इतरांच्या गळ्याची चाकरी पत्करणे हा स्वधर्माचा त्याग आहे का, हा म्हणूनच नीट विचारण्यासारखा प्रश्न आहे.

त्यासाठी जी. एन. जोशींइतके चांगले उदाहरण नाही. नागपूरचा हा वकील १९३०च्या दशकाच्या आरंभी गाऊ लागला आणि मेहकरच्या ना. घ. देशपांड्यांची ‘शीळ’ ही कविता त्याने तबकडीवर आणली. मराठी भावगीताची सुरुवात अनेक जण तिथूनच मोजतात. पुढे जोशी एच.एम.व्ही. या ध्वनिमुद्रिका कंपनीत अधिकारी झाले आणि गायक म्हणून हळूहळू मागे पडले. बडे गुलाम अली खाँसारख्यांची ध्वनिमुद्रणे त्यांच्या हातून झाली. शिवकुमार शर्मा, हरिप्रसाद चौरसिया आणि ब्रिजभूषण काबरा यांचा १९६७चा ‘कॉल ऑफ द व्हॅली’ हा अल्बम त्यांच्याच कल्पनेतून उतरला. संतूर आणि गिटार या वाद्यांना शास्त्रीय मैफलीत अजून पुरते आसन मिळायचे होते, तेव्हाची ही गोष्ट.

स्वधर्माची बाजू मांडणारा म्हणेल, गीतेत परधर्म भयावह म्हटला आहे. जोशींचा धर्म गाण्याचा होता. पण स्वधर्म म्हणजे पहिला आलेला हुन्नर, हे कोणी ठरवले? विनोबांनी १९३२ साली धुळ्याच्या तुरुंगात गीतेवर प्रवचने दिली. स्वधर्म आपण निवडत नाही, आईसारखा तो आधीच मिळालेला असतो, असे ते सांगतात. आणि त्याच प्रवचनांत बदलत्या स्वधर्मालाही जागा ठेवतात. मला हे जोशींना लागू पडते असे वाटते. आलाप कुठे थांबवला तर राग जिवंत राहील, हे ज्याला गाऊन कळले आहे तोच साडेतीन मिनिटांच्या तबकडीसमोर उस्तादाला बसवू शकतो. गाण्याने त्यांना कान दिला, आणि कानाने नवे कर्तव्य पुढे आणले. वारकरी परंपरा तरी वेगळे काय सांगते? तुकोबांचे अभंग लिहून ठेवणाऱ्या संताजी जगनाड्यांना आपण तुकोबांच्या पंक्तीत बसवतो, ‘नुसते लेखनिक’ म्हणत नाही.

इथे खरा आक्षेप येतो. संताजी पगारावर नव्हते. कंपनी विक्री पाहून गाणारा निवडते. जे खपत नाही ते वाहून नेले जात नाही. शिवाय तबकडी नादाचे फक्त वैखरी, म्हणजे कानाला ऐकू येणारे, रूप टिपते, मैफलीतली शांतता तिच्यात उतरत नाही. दोन्ही म्हणणी खरी आहेत, आणि पहिले जास्त बोचते. पण पैशाने काम विटाळते असे धरले, तर बिदागी घेणारा कीर्तनकारही बाद होईल. तपासायचे ते एवढेच, की बाजार आणि सूर यांत ओढाताण झाली तेव्हा वाहणारा कोणाच्या बाजूला झुकला. संतूर, बासरी आणि गिटारची अख्खी तबकडी काढणे १९६७ साली हमखास खपाचे काम नव्हते. दुसऱ्या आक्षेपाला उत्तर ‘शीळ’नेच दिले आहे. देशपांड्यांचा त्याच नावाचा संग्रह निघाला १९५४मध्ये. म्हणजे वीसेक वर्षे ती कविता पुस्तकाआधी आवाजातून घरोघर पोचत होती. वैखरी का होईना, पोचली.

पु. ल. देशपांड्यांचे उदाहरण जरा वेगळे. पेटीवादक, संगीतकार आणि लेखक असलेला हा माणूस १९५९ साली दिल्लीत दूरचित्रवाणी सुरू झाली तेव्हा तिच्या पहिल्या कार्यक्रमकर्त्यांत होता. पण त्यांनी स्वतःची कला बाजूला ठेवलीच नाही, म्हणून त्यांच्याबद्दल हा प्रश्न कधी टोकदार झाला नाही. जोशींच्या बाबतीत झाला.

सगळेच वाहू लागले तर गाईल कोण, असेही विचारतात. ती भीती खोटी आहे. गाणारे नेहमीच जास्त असतात; गाणे ओळखून स्वतःचे बाजूला ठेवणारे विरळा. गायक जोशींचे जे गाणे आपल्याला मिळाले नाही, ते नुकसानच आहे आणि ते मान्य करायला हरकत नाही. त्याला अधर्म म्हणणे मात्र चूक आहे. पुढे त्यांनी या सगळ्या कलावंतांच्या आठवणी लिहिल्या. पुस्तकाचे नाव ठेवले, ‘स्वरगंगेच्या तीरी’.