कोलंबसच्या मधल्या बाकावर

संक्रांतीच्या सुमारास सोलापुरात सिद्धेश्वरांची गड्डा यात्रा भरते आणि होम मैदानावर पाळणे उभे राहतात. मनानेच तिथल्या कोलंबस जहाजात चढा. अगदी मधल्या बाकावर बसा. दांडी नीट अडकली की हात मांडीवर सैल सोडा. श्वास आहे तसा चालू द्या.

जहाज हलायच्या आधी एवढंच न्याहाळा: बाक तुम्हाला खालून रेटतो आहे. पृथ्वी शरीराच्या कणाकणाला सारखीच ओढते, म्हणून ती ओढ थेट जाणवत नाही. जाणवतो तो बाकाचा रेटा, आणि त्यालाच आपण आपलं वजन समजत आलो. इथे थोडं थांबा.

आता खालचं फिरतं टायर जहाजाच्या तळाला घासून त्याला ढकलतं. झोका वाढत जातो. समजा, तो 60 अंशांपर्यंत गेला. टोकाला जहाज क्षणभर थांबतं. तिथे रेटा निम्माच उरतो. 50 किलोच्या माणसाला 25 किलोइतका. पोटातल्या अवयवांनाही एरवीचा आधार मिळत नाही. पोटात गोळा येतो तो इथे. त्याला घाबरू नका, येऊ द्या, नीट पाहा.

मग खाली. तळाशी वेग सर्वाधिक, आणि वाट वर वळणारी. तुम्हाला वळवायला बाकाला जास्त रेटावं लागतं: बरोबर दुप्पट. 50 चे 100. मांडीवरचे हात जड झालेले कळतील. या गणितात मला सर्वांत सुंदर वाटतं ते हे, की त्यात जहाज ज्यांना टांगलेलं असतं त्या दांड्यांची लांबी येतच नाही. पाळणा लहान असो की मोठा, कोन 60 अंशांचा असला की तळाशी दुप्पट. शेजारी बसलेल्या लहानग्या मुलीलाही तिच्या वजनाच्या दुप्पटच.

मुलांना सूत्र द्यावं ते या झोक्यानंतर. आधी अंगाला कळू द्यावं.

खोपोलीजवळच्या इमॅजिकातल्या नायट्रो रोलर कोस्टरमध्येही हाच रेटा शोधा. साखळी गाडीला पहिल्या चढावर ओढून नेते. पुढची धाव त्या उंचीच्या जिवावर. लूप पूर्ण गोल नसतो, वर निमुळता असतो. तो गोल ठेवून माथ्यावर रेटा जेमतेम शून्य होईल एवढाच वेग दिला, तरी तळाशी सहापट वजन सोसावं लागेल. म्हणून माथ्याचं वळण आवळतात आणि तळाचं ऐसपैस ठेवतात. मग कमी वेगातही माथ्यावर बाक अंगाला लागलेला राहतो, आणि तळाशी मानेवर तेवढा भार येत नाही.