वार कोणाच्या मालकीचा?



उत्तर कॅरोलायनातील मॉरिसव्हिल हे राली आणि डरहॅम यांच्या मधले, विमानतळाला खेटून वाढलेले गाव. येथे आमची घरे बोटांवर मोजण्याइतकी. त्यांपैकी एका घरातील मुलाने सध्या वहीत एक काल्पनिक जग मांडले आहे. त्या जगाला दोन चंद्र, दहा महिने आणि दहा दिवसांचा आठवडा. हिशेब जुळेना म्हणून वर्षअखेरीस एक दिवस त्याने कोणत्याच वारात धरला नाही. मुलगा हुशार आहे यात शंका नाही. पण ही वही पाहून आम्हां वडीलधाऱ्यांत जी चर्चा झाली ती येथे मांडावीशी वाटते, कारण हा खेळ मोठ्या माणसांनीही खेळलेला आहे.

टॉल्किन यांच्या हॉबिटांच्या पंचांगात वर्षाच्या मध्याचा एक दिवस बिनवाराचा असतो. ते पंचांग ज्या भागाच्या शेवटी छापले आहे तो १९५५ साली प्रसिद्ध झाला. योगायोग असा की, डॉ. मेघनाद साहा यांच्या अध्यक्षतेखालील पंचांग सुधारणा समितीचा अहवालही १९५५ चाच. त्या समितीने सुचविलेले भारतीय सौर पंचांग २२ मार्च १९५७ पासून सरकारी कामासाठी लागू झाले. आकाशवाणीवर इंग्रजी तारखेपाठोपाठ ‘भारतीय सौर’ तारीख ऐकल्याचे आपल्यापैकी अनेकांना आठवत असेल. त्या पंचांगाने कोणाच्या वाराला हात लावला नाही.

परंतु त्याच सुमारास भारत सरकारने संयुक्त राष्ट्रांपुढे दुसरीही एक योजना ठेवली होती, ती जागतिक पंचांगाची. अमेरिकेतील एलिझाबेथ अकेलिस या बाई १९३० पासून तिचा प्रचार करीत होत्या. वर्षाचे चार सारखे भाग, प्रत्येक भाग ९१ दिवसांचा म्हणजे नेमके तेरा आठवडे, आणि दर वर्षाची सुरुवात रविवारी. हिशेबनीस आणि शाळामास्तर यांची केवढी सोय! मात्र ९१ चोक ३६४. उरलेल्या एका दिवसाला वार द्यायचा नाही, तो नुसता ‘विश्वदिन’. लीप वर्षी असे दोन दिवस.

आता आपला शब्बाथ घ्या. सहा दिवस काम आणि सातवा विसावा, ही मोजणी खंडित होता कामा नये. एक दिवस बिनवाराचा गेला की पुढच्या वर्षी खरा सातवा दिवस नव्या कॅलेंडरात शुक्रवार म्हणून येणार, त्यानंतर गुरुवार म्हणून. कामगाराला सुट्टी शनिवार-रविवारी आणि त्याचा शब्बाथ बुधवारी! १९३१ साली जिनिव्हा येथे राष्ट्रसंघाच्या परिषदेत ब्रिटनचे मुख्य रब्बी जोसेफ हर्ट्झ याच कारणासाठी उभे राहिले. शुक्रवारच्या नमाजाला आणि रविवारच्या प्रार्थनेला तीच अडचण होती, हे त्यांच्या विरोधकांनी फारसे लक्षात घेतले नाही. अखेर १९५६ मध्ये संयुक्त राष्ट्रांनी हा विषय बेमुदत बाजूला ठेवला.

साहा मोठे शास्त्रज्ञ होते आणि त्यांचा हेतू स्वच्छ होता, असेच आम्ही मानतो. मग चूक कुठे? महिना चंद्र दाखवितो, वर्ष सूर्य दाखवितो. आठवड्याला मात्र आकाशात खूण नाही. तो केवळ माणसांच्या मोजण्यावर उभा आहे, म्हणून शास्त्रज्ञाला तो मोडण्यास सर्वांत सोपा वाटतो. कोकणात आपल्या पूर्वजांजवळ ना छापील लुआह, ना हाजान. तरी शनिवारी घाणा बंद राहिला आणि गावाने त्यांना ‘शनवार तेली’ म्हटले. सणांची नावेही त्यांनी घरातलीच ठेवली: नव्याचा सण, खिरीचा सण, बिरड्याचा सण. तिश्री आणि आव ही महिन्यांची नावे मागाहून शिकविली गेली, तरी बिरडे शिजायचे थांबले नाही. म्हणजे माणसाने रचलेले म्हणून ते खोटे, असे आम्हांला म्हणता येत नाही. त्यासाठी घाण्याचे एका दिवसाचे उत्पन्न कोणी सोडले, एवढेच आम्ही पाहतो. जागतिक पंचांगात सोय एकाची होती आणि सोडायचे दुसऱ्याने होते.

येथे कोणी विचारील, पंचांगासाठी आपल्यातही सक्ती झाली नाही काय? झाली. मिश्नात कथा आहे. नवा महिना कधी लागला यावर रब्बान गमलिएल आणि रब्बी यहोशुआ यांचा मतभेद झाला. गमलिएल यांनी आज्ञा केली की, तुमच्या हिशेबाने ज्या दिवशी किप्पूर येतो, त्या दिवशी काठी आणि पैसे घेऊन माझ्याकडे या. यहोशुआ गेले. गमलिएल उठले, त्यांच्या मस्तकाचे चुंबन घेतले आणि त्यांना आपले गुरू व शिष्य म्हटले. हे प्रकरण आम्हांला सोपे वाटत नाही. पण ज्याला वाकविले त्याची किंमत वाकविणाऱ्याला ठाऊक होती. शिवाय वाद एका घरातला होता. उद्या दोघांनाही एकाच दिवशी उपास धरायचा होता.

मॉरिसव्हिलमध्ये हा प्रश्न पुस्तकी राहत नाही. अलिबागकडे सूर्य वर्षभर सहा ते सव्वासातच्या आसपास मावळतो. येथे डिसेंबरात पाचलाच अंधार, आणि जूनअखेरीस साडेआठ वाजून गेले तरी उजेड. हिवाळ्यात शुक्रवारी कामावरून लवकर निघायचे, तर साहेबांना दर वर्षी नव्याने सांगावे लागते. आमच्या हिंदू मराठी शेजाऱ्यांचीही गत तीच. भिंतीवर मुंबईचे कालनिर्णय, पण संकष्टीचा चंद्रोदय येथला पाहावा लागतो.

आणि परदेशातला दुसरा दिवस? जेरुसलेमहून निरोप वेळेवर पोहोचेल न पोहोचेल, या शंकेतून दोन दिवस पाळण्याची रीत पडली. पंचांग गणिताने पक्के झाले, शंका गेली, रीत राहिली. आमच्यातील तरुणांना ती अनावश्यक वाटते आणि त्यांचा मुद्दा अगदीच टाकाऊ नाही. तूर्त आम्ही दोन्ही दिवस पाळतो. पेसाहच्या दुसऱ्या रात्री आम्ही पुन्हा सेदेरला बसतो, तेव्हा लोद आणि दिमोना येथील आमच्या भावंडांचा पहिला सणाचा दिवस कधीच संपलेला असतो.