मागणाऱ्याची श्रद्धा

देवाकडे काही मागावं की मागू नये, हा प्रश्न आमच्या मिरजेत पुस्तकाआधी घरातच भेटतो. माझी आजी अंबाबाईला नवस बोलायची आणि ख्वाजा शमना मीरांच्या दर्ग्यातही बोलायची. काकांना नोकरी लागली तर चादर, आत्याचं लग्न ठरलं तर खणानारळाची ओटी. बोललेला नवस फिटेपर्यंत तिच्या जिवाला चैन नसे. पुढे मी कॉलेजात तत्त्वज्ञान शिकवू लागले, तेव्हा गीतेतला निष्काम कर्माचा भाग आला की कुणी ना कुणी विद्यार्थी उठून विचारायचाच, "मॅडम, फळाची इच्छाच धरायची नाही, तर माणूस कामाला हात तरी कशाला घालेल?"

प्रश्न अगदी रास्त आहे. शंकराचार्यांचं भाष्य, टिळकांचं 'गीतारहस्य', विनोबांची 'गीता प्रवचने' यांच्या आधाराने मी उत्तर देत असे आणि ती उत्तरं मला आजही मान्य आहेत. पण इच्छा तीव्र असावी आणि तरीही फळावर मालकी सांगू नये, असं जगणं प्रत्यक्षात कसं असतं, हे मला सर्वांत स्वच्छ दिसलं ते अमेरिकेतल्या एका स्ट्रिंग क्वार्टेटच्या कामात. तिचं नाव क्रोनॉस क्वार्टेट. आपल्याकडच्या काहींनी हे नाव 2005 मध्ये ऐकलं असेल. सांगलीत जन्मलेल्या आशा भोसले यांनी त्या वर्षी निघालेल्या अल्बमसाठी राहुल देव बर्मन यांची गाणी या चौघांच्या साथीने पुन्हा गायली होती.

दोन व्हायोलिन, एक व्हिओला आणि एक चेलो ही जुळणी युरोपात हायडनच्या काळात रुजली. या चार वाद्यांसाठी इतकं थोर संगीत लिहिलं गेलं आहे की हायडन, मोझार्ट, बेथोव्हन, शूबर्ट, बार्टोक वाजवण्यातच वादकांचा जन्म सहज निघून जावा. डेव्हिड हॅरिंग्टन या तरुण व्हायोलिनवादकाने 1973 मध्ये रात्री रेडिओवर जॉर्ज क्रम यांची 'ब्लॅक एंजल्स' ऐकली आणि त्याची वाट बदलली. व्हिएतनामचं युद्ध पेटलेलं असताना, 1970 मध्ये क्रम यांनी ही रचना पूर्ण केली होती. वाद्यांचा आवाज विजेवर वाढवलेला, मध्येच वादक वेगवेगळ्या भाषांत आकडे मोजतात, मोठ्या कांस्य-थाळ्यांवर घाव पडतात. प्रस्थान, अभाव आणि परतणं असा तिचा प्रवास आहे.

त्यातल्या एका भागाचं नाव 'देवाचं संगीत' असं आहे. तिथे तीन वादक आपापली वाद्यं बाजूला ठेवतात. पुढ्यात काचेचे प्याले असतात आणि हवा तो सूर निघावा म्हणून प्रत्येक प्याल्यात बेताने पाणी भरलेलं असतं. प्याल्याच्या काठावरून व्हायोलिनचा गज ओढला की काच बोलू लागते. तो सूर कुठून सुरू झाला आणि कुठे संपला ते कळत नाही. त्यावर चेलो एकटा, आपल्या नेहमीच्या पट्टीच्या कितीतरी वर जाऊन गातो. आधीच्या भागांतली किंचाळी कानात ताजी असते, म्हणूनच हा शांत सूर सोपा वाटत नाही. एवढ्या संहारानंतर देवाचा आवाज आलाच तर तो असा काचेच्या काठावरूनच येईल, असं हे ऐकताना मला प्रत्येक वेळी वाटतं.

'ब्लॅक एंजल्स' ऐकली त्याच वर्षी, 1973 मध्ये, हॅरिंग्टन यांनी सिएटलमध्ये क्रोनॉसची स्थापना केली. पुढे ती सॅन फ्रान्सिस्कोत स्थिरावली. त्यांनी जिवंत संगीतकारांकडून नवं संगीत मागायला सुरुवात केली. पहिली रचना केन बेन्शूफ यांनी लिहून दिली आणि मोबदला म्हणून त्यांना डोनटची पिशवी मिळाली. त्यानंतरच्या पन्नास वर्षांत या क्वार्टेटने हजाराहून अधिक नव्या रचना आणि जुन्या संगीताची नवी रूपं लिहवून घेतली आहेत.

नवी रचना लिहवून घेताना नेमकं काय ठरतं? वाद्यं ठरतात, साधारण किती मिनिटांची हवी ते ठरतं, मानधन आणि पहिल्या कार्यक्रमाची तारीख ठरते. मिरजेत सतारमेकर गल्लीत तंबोरा करायला सांगणाऱ्याला आपल्याला काय हवं ते पक्कं ठाऊक असतं. तंबोरा पुरुषी की जनानी, तो कोणत्या स्वरात लागायचा, सगळं आधीच बोललेलं असतं. जवारी मनासारखी उघडली नाही, तर कारागीर घोडी पुन्हा घासून देतो. संगीतकाराकडे रचना मागणाऱ्याला ही सोय नाही. जे अजून कुणीच ऐकलेलं नाही ते तो मागतो, त्यामुळे ते बरोबर आलं की चूक, हे ताडून पाहायला त्याच्याजवळ मापच नसतं. पैसे त्याने दिले तरी हाती येणाऱ्या सुरांवर त्याची सत्ता नसते.

नवस आणि प्रार्थना यांतला फरक मला इथे दिसतो. नवसात मागणी नेमकी असते आणि परतफेडही नेमकी असते. आजीच्या नवसांना मी हिणवणार नाही. ज्या घरात पुढच्या महिन्याचीही शाश्वती नव्हती, तिथे देवाशी असा करार करणं हाच तिचा आधार होता. पण करारात मागणारा जसा असतो तसाच राहतो. त्याची गरज भागते आणि हिशेब मिटतो. प्रार्थना खरी झाली तर जे मिळतं त्याने मागणाराच बदलतो. नव्या रचनेपुढे वादकाचं हेच होतं. तिच्यासाठी त्याला बोटांची नवी ठेवण शिकावी लागते, नवा कान कमवावा लागतो, कधी व्हायोलिन खाली ठेवून पाण्याचे प्यालेही वाजवावे लागतात.

आणि थांबावं लागतं. पोलंडचे संगीतकार हेन्रिक गुरेत्स्की यांनी क्रोनॉससाठी दोन क्वार्टेट लिहिली होती, पहिली 1988 मध्ये आणि दुसरी 1991 मध्ये. तिसरीही 1990 च्या दशकाच्या मध्यावर लिहून झाली होती. पण गुरेत्स्की यांनी ती हातातून सोडली नाही. स्वतःजवळच ठेवली. क्रोनॉसने ती प्रथम वाजवली 2005 मध्ये. कागदावर पूर्ण झालेलं फळ दहा वर्षं झाडावरच राहिलं. कराराच्या भाषेत ही सरळ दिरंगाई ठरली असती. पण ही पन्नासेक मिनिटांची संथ, शोकमग्न रचना ऐकताना मला पटतं की ती कधी सोडायची हे ठरवायचा अधिकार ती लिहिणाऱ्याचाच होता. मागणाऱ्याने मागितलं, आणि मग वेळेवरचा हक्कही सोडून दिला.

यावर एक सडेतोड आक्षेप आहे. नव्या रचनांपैकी कितीशा टिकतात? पुष्कळशा पहिल्या काही कार्यक्रमांनंतर कुणी वाजवत नाही. मग अशा मागण्यावर श्रम आणि पैसा घालणं ही श्रद्धा म्हणायची की जुगार? जुगाऱ्याला एकच डाव जिंकायचा असतो, बाकीचे डाव त्याला व्यर्थ वाटतात. वादकाला तसं वागून चालत नाही. समोरची रचना पुढे टिकेल की विसरली जाईल, हे तालमीच्या पहिल्या दिवशी त्याला ठाऊक नसतं आणि तालीम तर पूर्ण ताकदीनिशीच करावी लागते. अर्ध्या मनाने वाजवलेल्या रचनेत काय होतं ते कुणालाच कधी कळत नाही. म्हणून उद्या विस्मरणात जाणाऱ्या पानालाही बेथोव्हनइतकाच रियाज द्यावा लागतो. श्रद्धेचा अर्थ मी आता असाच लावते. फळ गोड निघेल याची खात्री श्रद्धेत नसते. फळ काय निघेल हे कळण्याआधी आपले हात पूर्णपणे कामाला देणं, ही श्रद्धा. वर्गातल्या त्या प्रश्नाचं उत्तरही यातच आहे. हात कामाला लागतात ते इच्छेमुळेच. गीता जो हक्क सोडायला सांगते तो त्यापुढचा आहे, फळाने माझ्या मापातच बसावं हा हक्क.

या कथेचा एक धागा मिरजेतूनही जातो. किराणा घराण्याचे उस्ताद अब्दुल करीम खाँ मिरजेत राहिले, 1937 मध्ये गेल्यावर त्यांना इथेच दर्ग्याच्या आवारात मूठमाती मिळाली. त्यांच्याच नात्यातले उस्ताद अब्दुल वहीद खाँ. वहीद खाँसाहेबांचे शिष्य पंडित प्राणनाथ अमेरिकेत गेले आणि कॅलिफोर्नियाचे संगीतकार टेरी रायली 1970 मध्ये त्यांचे शिष्य झाले. एकेका स्वरावर मुक्काम करणारी ही गायकी रायली वर्षानुवर्षं गुरूसमोर बसून शिकले. त्या काळात ते स्वतः उत्स्फूर्त वाजवत, कागदावर स्वर लिहिणं त्यांनी जवळपास सोडलं होतं. हॅरिंग्टन मात्र मागत राहिले, लिहून द्या म्हणून. त्या आग्रहातून 1980 पासून रायली यांची क्वार्टेटसाठीची रचना-मालिका सुरू झाली. मागणाऱ्याची तळमळ देणाऱ्यातलं न उमललेलं काही कसं उमलवते, याचं हे उदाहरण. काहीच न मागणं हा मोठेपणा मानणाऱ्यांनी याचा जरूर विचार करावा.

आणि मग जे कुणीच मागितलं नसतं, तेही आलं. हॅरिंग्टन यांचा मुलगा अ‍ॅडम 1995 मध्ये कोवळ्या वयात गेला. त्याच्या स्मरणार्थ रायली यांनी 'रेक्विएम फॉर अ‍ॅडम' लिहिलं. रेक्विएम म्हणजे मृतात्म्याच्या शांतीसाठीची ख्रिस्ती उपासना. तिच्या पहिल्या भागाचं नाव स्वर्गाची शिडी चढण्यावरून ठेवलेलं आहे आणि त्यातले स्वर खरोखरच पायरीपायरीने वर चढत राहतात. पहिलं व्हायोलिन वाजवतात ते स्वतः हॅरिंग्टन. ज्या बापाने जगभरातल्या संगीतकारांकडे संगीत मागितलं, त्याला आपल्या लेकाच्या शोकाचं संगीत लोकांसमोर, सुरात, तालात वाजवावं लागलं. 2001 मध्ये निघालेलं त्याचं ध्वनिमुद्रण मी ऐकते, तेव्हा त्यात सांत्वनाचा शोध घेत नाही. जे वाट्याला आलं ते नीट वाजवणं, एवढाच धर्म कधीकधी उरतो आणि तो पाळता येतो, हे मला त्यात ऐकू येतं.

क्रोनॉसने आपल्या कामाचं पुढे काय केलं, तेही सांगायला हवं. 2015 मध्ये त्यांनी तरुण क्वार्टेटना नवं संगीत शिकता यावं म्हणून पन्नास रचना मागवायचा उपक्रम सुरू केला, पंचवीस स्त्रियांकडून आणि पंचवीस पुरुषांकडून. मालीचे बलाफोनवादक फोदे लासाना जाबाते, कॅनडातल्या इनुइट गायिका तान्या तगाक अशी कितीतरी नावं त्यात आहेत. या सगळ्या रचनांची स्वरलिपी कुणालाही मोफत उतरवून घेता येते. पैसा उभा केला, वाट पाहिली, रियाज केला आणि फळ हाती आल्यावर ते इतरांच्या ओंजळीत घातलं. जॉन शर्बा आणि हँक डट हे वादक चार दशकांहून अधिक काळ वाजवून 2024 मध्ये निवृत्त झाले. चेलोवादक तर त्याआधीही अनेकदा बदलले. या चौघांच्या जागी दुसरे चौघे येतील आणि ज्या रचना यांनी मागितल्या त्या ते वाजवतील. ज्ञानदेवांनी पसायदानात जे मागितलं तेही असंच साऱ्यांसाठी होतं.

म्हणून मी मागणाऱ्यांच्या बाजूची आहे. मनापासून मागावं, आपल्या गरजेपेक्षा मोठं मागावं, जे अजून जगात नाही ते मागावं. त्यासाठी पदरचं द्यावं आणि थांबावं. जे येईल त्याला आपल्या जुन्या मापाने न मोजता आधी शिकून घ्यावं, आणि साधलं तर ते दुसऱ्यांना देऊन टाकावं. इच्छा मारून मिळणाऱ्या शांतीपेक्षा मला ही शिस्त जास्त कठीण वाटते, आणि धर्माच्या जास्त जवळचीही.