अनित्य म्हणजे दैव नव्हे



इतिहासाच्या क्रमिक पुस्तकात एक वाक्य वारंवार येते : अमुक साली अमुक साम्राज्य लयाला गेले. मुले ते पाठ करतात आणि पेपरात लिहून मोकळी होतात. पण ते का लयाला गेले? हा प्रश्न विचारला की खरा इतिहास सुरू होतो.

आपल्या देशात या प्रश्नाला शतकानुशतके एकच उत्तर मिळत आले. काळाचा महिमा! कलियुग आले, देव कोपला, नशीब फिरले! हे उत्तर विचार थांबवते. समाज आहे तसाच राहावा असे ज्यांना वाटते, त्यांच्या ते सोयीचेही आहे. खेदाची गोष्ट ही की आपल्यातीलही काहीजण तथागतांच्या अनित्यतेचा अर्थ असाच लावतात. सर्व अनित्य आहे, मग बुडायचे ते बुडणारच, असे म्हणून स्वस्थ बसतात. हा धम्माचा विपर्यास आहे. सर्व संस्कार अनित्य आहेत, हे तथागतांनी सांगितले. कारणावाचून काही उपजत नाही आणि कारणावाचून काही नष्ट होत नाही, हेही त्यांनीच सांगितले. बदल होणार, एवढेच अनित्यता सांगते. तो कोणत्या दिशेने होईल हे कारणांवर अवलंबून आहे, असे प्रतीत्यसमुत्पाद सांगतो. आणि पुष्कळशी कारणे माणसाच्या हातची असतात.

महापरिनिब्बान सुत्ताचा आरंभ आठवा. मगधाचा राजा अजातशत्रू याला वज्जींचे गणराज्य बुडवायचे होते. त्याने आपला महामंत्री वस्सकार याला राजगृहाच्या गृध्रकूट पर्वतावर भगवंतांकडे पाठविले. भगवंतांनी वज्जींकडे हत्ती किती, घोडे किती, असे विचारले नाही. त्यांनी आनंदाला सात प्रश्न विचारले. वज्जी वरचेवर सभा भरवितात काय? एकोप्याने जमतात आणि एकोप्याने उठतात काय? ठरलेले कायदे पाळतात काय? वडीलधाऱ्यांचे ऐकतात काय? स्त्रियांवर जबरदस्ती करीत नाहीत ना? आपल्या चैत्यांचा मान राखतात काय? अर्हंतांना संरक्षण देतात काय? जोपर्यंत हे चालू आहे तोपर्यंत त्यांची वाढच होईल, ऱ्हास होणार नाही, असा निर्वाळा भगवंतांनी दिला. वस्सकार धूर्त होता. वज्जींना युद्धाने जिंकता येणार नाही, फूट पाडूनच जिंकता येईल, हे त्याने तेथेच ओळखले. पुढची हकीगत अट्ठकथेत आहे. वस्सकार वैशालीत शिरला, तीन वर्षे राहिला आणि एकाच्या कानात दुसऱ्याविषयी विष ओतत राहिला. शेवटी मगधाचे सैन्य आले, सभेचा नगारा वाजला, पण कोणीही जमले नाही. वैशालीचे दरवाजे उघडे होते आणि अजातशत्रू सरळ आत आला.

आता दूरचे उदाहरण घेऊ. ग्रीस देशात स्पार्टा नावाचे राज्य होते. त्याच्या शौर्याचे गोडवे आजही गायिले जातात. पण त्या शौर्याखाली कोण दडपले गेले होते? हेलॉट! जमीन कसायची हेलॉटांनी आणि तलवार धरायची स्पार्टनांनी. दरवर्षी स्पार्टाचे अधिकारी हेलॉटांविरुद्ध रीतसर युद्ध पुकारीत. हेतू हा की हेलॉटाला ठार मारले तरी मारणाऱ्याला पाप लागू नये! थ्युसिडिडीस हा इतिहासकार सांगतो की, युद्धात पराक्रम केला असेल त्यांनी पुढे यावे, त्यांना मुक्त करू, असे एकदा हेलॉटांना सांगण्यात आले. सुमारे २,००० निवडले गेले. त्यांच्या डोक्यावर फुलांचे मुकुट घातले, देवळांना प्रदक्षिणा घालविल्या आणि नंतर ते सर्व नाहीसे झाले. ज्यांच्यात स्वाभिमान जागा होता, तेच आधी वेचून काढले.

अशा राज्याचे काय झाले? इ.स.पू. ४८० च्या सुमारास हिरोडोटसच्या हिशेबाने स्पार्टात सुमारे ८,००० पूर्ण नागरिक होते. इ.स.पू. ३७१ मध्ये ल्युक्ट्राच्या रणांगणावर केवळ ७०० उभे राहिले, त्यांतील ४०० पडले. दोन वर्षांत मेसेनियाचे हेलॉट स्वतंत्र झाले. ॲरिस्टॉटलने पुढे लिहिले की, जी भूमी ३०,००० पायदळ पोसू शकली असती तेथे हजारही नागरिक उरले नाहीत. सामुदायिक भोजनाची वर्गणी देता आली नाही की गरीब स्पार्टनाचे नागरिकत्व जाई. काही हेलॉटांना मुक्त केले गेले, पण बरोबरीचा नागरिक कोणाला केले नाही. बाहेर जाण्याचा दरवाजा उघडा आणि आत येण्याचा बंद. असे घर रिकामेच व्हायचे.

रोमने यापासून धडा घेतला. इ.स. ४८ मध्ये गॉल प्रांतातील लोकांना सिनेटमध्ये घ्यावे की नाही, असा वाद निघाला. तेव्हा सम्राट क्लॉडियसने स्पार्टा आणि अथेन्सचा दाखला दिला. जिंकलेल्यांना ते कायम परकेच मानीत राहिले म्हणून बुडाले, असा त्याचा युक्तिवाद टॅसिटसने नोंदविला आहे. इ.स. २१२ मध्ये साम्राज्यातील जवळजवळ सर्व स्वतंत्र माणसांना रोमचे नागरिकत्व मिळाले. हा दरवाजा उघडा ठेवल्यानेच रोम इतकी शतके टिकले. पण ‘स्वतंत्र’ या शब्दाबाहेर गुलाम राहिलाच. स्पार्टाकसचे बंड मोडल्यावर इ.स.पू. ७१ मध्ये ६,००० गुलामांना रस्त्याच्या कडेने क्रुसावर चढविले होते. पुढे कुळांनाही कायद्याने जमिनीला जखडले. रोमच्या पतनाला यादवी, रोगराई, करांचे ओझे, बाहेरच्या टोळ्या अशी अनेक कारणे आहेत. परंतु अलारिकने रोमला वेढा घातला, तेव्हा नगरातील गुलाम हजारोंनी बाहेर पडून त्याला मिळाले, ही नोंद विसरता येत नाही. ज्याचे त्या नगरात काहीच नव्हते, त्याने ते का राखावे?

ट्युनिस येथे १३३२ मध्ये जन्मलेला इब्न खल्दून हा मोठा विचारवंत. त्याने १३७७ मध्ये आपल्या ‘मुकद्दिमा’त राज्यांच्या उदयास्ताचा नियम मांडला. तो म्हणतो, राज्य उभे राहते ते आपसातील एकजुटीच्या बळावर. पहिली पिढी हालअपेष्टा सोसून ते उभारते. दुसरी पिढी ते कष्ट डोळ्यांनी पाहते. तिसरी पिढी सुखात वाढते आणि एकजूट कशासाठी होती हेच विसरते. एका पिढीला त्याने ४० वर्षे धरली.

वाचकहो, आता आपला हिशेब करा. १४ ऑक्टोबर १९५६ पासून मोजा. आज आपली तिसरी पिढी कारभार हाती घेत आहे. पहिल्या पिढीने घरातले देव बाहेर काढले, गावाचा बहिष्कार सोसला आणि मुलांना शाळेत घातले. माझ्यासारख्याला पदवी मिळाली ती त्या सोसण्याचे फळ आहे. आपण काय करीत आहोत? एका वस्तीत दोन समित्या, दोन मिरवणुका आणि दोन लाउडस्पीकर. वर्षातून चार दिवस उघडणारे विहार. खीर शिजवायला भगिनी पुढे, समितीत बसायला मात्र कोणी बोलवीत नाही. सोयरीक जुळवताना जुनी पोटजात हळूच विचारली जाते. वस्सकाराला बाहेरून यायची गरज तरी काय?

२५ नोव्हेंबर १९४९ रोजी संविधान सभेत परमपूज्य बाबासाहेबांनी भिक्खूसंघाच्या सभानियमांची आठवण दिली होती. ही लोकशाही पद्धत भारताने एकदा गमावली, ती पुन्हा गमावणार काय, असा त्यांचा सवाल होता. मताची समता आणि जीवनातील विषमता असे दुहेरी आयुष्य फार काळ चालणार नाही, हा इशाराही त्यांनी तेव्हाच दिला. तो राष्ट्राला होता, तसा आपल्या वस्तीलाही आहे.

वस्सकार निघून गेल्यावर भगवंतांनी राजगृहातील सर्व भिक्खूंना एकत्र बोलावले आणि ऱ्हास न होण्याचे नियम त्यांनाही सांगितले. संघदेखील कारणांच्या नियमाबाहेर नाही, हे त्यांनी जाणले होते. शाक्य राजपुत्र प्रव्रज्येसाठी आले तेव्हा उपाली नावाच्या न्हाव्याला आधी दीक्षा मिळाली, म्हणजे ज्येष्ठ म्हणून राजपुत्रांनी त्याला वंदन करावे. स्पार्टाला जे कधी सुचले नाही ते संघाने पहिल्या काळातच केले.

तेव्हा येत्या पौर्णिमेला विहार उघडा. दोन्ही समित्यांना एका सतरंजीवर बसवा. भगिनींना हिशेबाची वही द्या. दुसऱ्या समाजातला कोणी धम्म जाणून घ्यायला आला तर त्याची जात विचारू नका, त्याला पाणी द्या आणि बसायला जागा द्या. नगारा वाजेल तेव्हा आपण जमतो की नाही, एवढ्यावर पुढचा इतिहास ठरणार आहे.

जयभीम.