पहिल्या पाण्याचं काय?

पुण्यातल्या एका ख्रिस्ती घरात सध्या एकच वाद धुमसतो आहे. भाच्याचा बाप्तिस्मा तान्हेपणीच चर्च ऑफ नॉर्थ इंडियामध्ये (सीएनआय) झाला. आता तो एका पेंटेकोस्टल मंडळीत जातो. तिथले पाळक म्हणतात, समजून-उमजून पाण्यात बुडून घेतला तोच बाप्तिस्मा.

“मग तुझ्या कपाळावर घातलं ते काय होतं?” आत्या विचारते.

“पाणी.”

उत्तर उद्धट आहे, पण गैरलागू नाही. 29 नोव्हेंबर 1970 ला नागपुरात सहा चर्चेस एकत्र येऊन सीएनआय झालं, तेव्हा हाच पेच होता. अँग्लिकन लोक बाळांना बाप्तिस्मा देत, बॅप्टिस्ट जाणत्यांनाच. दोन्ही रीती ठेवल्या गेल्या. “पण एकाच माणसाला दोन्ही नाहीत,” आत्या बजावते.

भाचा पंडिता रमाबाईंना पुढे करतो. 1883 मध्ये इंग्लंडात, वाँटेजच्या अँग्लिकन जोगिणींकडे त्यांचा बाप्तिस्मा झाला. पण आपण ख्रिस्ती धर्म घेतला तरी ख्रिस्त अजून भेटलाच नाही, हे त्यांना काही वर्षांनी जाणवलं. पुढे केडगावचं मुक्ती मिशन त्यांनी कुठल्याच पंथाला बांधलं नाही.

“म्हणजे बाप्तिस्मा आधी, भेट मागाहून. तुझंही तसंच की! मग पहिलं पाणी फुकट कसं?”

“त्या पंचवीस वर्षांच्या होत्या, आत्या. बिशपांच्या अधिकारावरून, त्रैक्यावरून त्यांनी जोगिणींशी वाद घातले. मी तीन महिन्यांचा होतो. मला कुणी विचारलं?”

“भाषा तरी विचारून शिकवली का तुला?”

इथे आत्याची बाजू वरचढ वाटते. पण भाषा बदलताना कुणी आधीची खोटी होती असं म्हणायला लावत नाही. चर्च बदलताना कधीकधी लावतात. ऑक्सफर्डचे जॉन हेन्री न्यूमन 1845 च्या ऑक्टोबरमध्ये कॅथलिक झाले. तोवर ते वीस वर्षं अँग्लिकन पाळक होते. तरी इटालियन धर्मगुरू डॉमिनिक बार्बेरी यांनी त्यांना सशर्त बाप्तिस्मा दिला: आधीचा झाला नसेल, तर हा.

“असा ‘जर’वाला बाप्तिस्मा घेतला तर चालेल तुला?” भाचा विचारतो.

आत्या जरा थांबते. “मला कदाचित चालेल. तुझ्या पाळकांना विचार. त्यांना तो ‘जर’ चालायचा नाही.”

“आणि आपल्या पाळकांना?”

“त्यांनाही नाही.”