कुणाचा माइक कुणी बंद करायचा

‘वर्ल्ड ऑफ वॉरक्राफ्ट’ हा खेळ २००४ च्या नोव्हेंबरात आला. त्यातल्या ‘मोल्टन कोअर’ नावाच्या ज्वालामुखी गुहेत चाळीस खेळाडूंचा जथा उतरायचा. चाळीस माणसं, चाळीस घरांत बसलेली, एकमेकांची तोंडं न पाहिलेली. लढाई ऐन भरात असताना बोटं टाइप करायला मोकळी नसत. म्हणून हे लोक टीमस्पीक किंवा व्हेंट्रिलोसारख्या प्रोग्रामवर जमत आणि हेडफोन घालून एका माणसाचं ऐकत. तो रेड लीडर. कुणी पुढे व्हायचं, कुणी मागे हटायचं, जखमींना कुणी सावरायचं हे तो सांगे आणि बाकीचे गप्प राहत. ती शांतता अत्यावश्यक होती. एकाच चॅनलवर चाळीस जण बोलू लागले तर कुणालाच काही ऐकू येत नाही आणि सगळ्यांची मेहनत वाया जाते.

त्या काळातलं एक ध्वनिमुद्रण पुढे जगभर फिरलं. ओनिक्सिया नावाच्या ड्रॅगनशी लढताना कुणीतरी चुकतं, रेड लीडर भडकतो आणि ओरडत त्या खेळाडूचे पन्नास ‘डीकेपी’ कापून टाकतो. डीकेपी म्हणजे मोहिमांना हजर राहून कमावलेले गुण. जिंकलेल्या वस्तूंवर हक्क सांगायचा तर ते खर्च करावे लागतात. ही पद्धत त्याआधीच्या ‘एव्हरक्वेस्ट’ या खेळातल्या गिल्डांनी बसवली होती. म्हणजे ज्याच्या हातात लढाईची सूत्रं, त्याच्याच हातात बोलण्याची परवानगी आणि त्याच्याच हातात शिक्षा. लाखो लोकांनी ते ऐकलं ते करमणूक म्हणून. मला त्यात गेमिंग समूहांचा सगळ्यात जुना आणि आजही न सुटलेला प्रश्न दिसतो. खेळात नेतृत्व करणारा माणूस आणि खोलीवर अधिकार गाजवणारा माणूस एकच असावा का? माझं उत्तर ‘नाही’ असं आहे. आणि समूह लिहून बोलणारा नसून आवाजाने बोलणारा असेल, तर हे उत्तर आणखी ठाम होतं.

या गोंधळाची मुळं फार खोल आहेत. १९७८ साली इंग्लंडमधल्या एसेक्स विद्यापीठात रॉय ट्रबशॉ आणि रिचर्ड बार्टल यांनी ‘मड’ हा पहिला बहुखेळाडू शब्दखेळ रचला. त्यात पुरेसे गुण मिळवणारा खेळाडू ‘विझार्ड’ व्हायचा आणि त्याला इतरांवर चालवता येतील असे अधिकार मिळायचे. चांगला खेळलास, आता राज्य कर, असा तो व्यवहार. खेळ म्हणून कल्पना सुंदर होती, पण समूह चालवण्याची रीत म्हणून ती पुढच्या पिढ्यांच्या अंगवळणी पडली. आजही एखाद्या क्लॅनमध्ये ज्याचा नेम अचूक तो मॉडरेटर होतो. नेम अचूक असण्याचा आणि भांडणात दोन्ही बाजू शांतपणे ऐकून घेण्याचा काय संबंध, हे कुणी विचारत नाही.

सत्ता सोडून देणं हेही उत्तर नाही, याचा धडा ‘लॅम्डामू’ने दिला. झेरॉक्स पार्क या संशोधन केंद्रातल्या पॅव्हल कर्टिस यांनी १९९० मध्ये सुरू केलेलं हे शब्दांचं जग. १९९२ च्या डिसेंबरात तिथल्या विझार्डांनी जाहीर केलं, की यापुढे आम्ही तांत्रिक कामं करू, माणसांच्या भांडणांत पडणार नाही. पुढच्याच वर्षी एका सदस्याने इतरांच्या पात्रांवर शब्दांतून लैंगिक हिंसा केली. सदस्यांची सभा भरली, तासन्‌तास चर्चा झाली, निर्णय झाला नाही. शेवटी एका विझार्डने एकट्यानेच त्या सदस्याला कायमचं काढून टाकलं. त्या शिक्षेला न्याय्य म्हणता येईल, पण ती देण्याची रीत न्याय्य नव्हती, आणि हे खुद्द तिथल्या लोकांना बोचलं. मग कर्टिस यांनी अर्ज आणि मतदानाची व्यवस्था आणली. ती काही वर्षं चालली, गटबाजीत अडकली आणि १९९६ मध्ये विझार्डांनी सामाजिक निर्णयही पुन्हा आपल्याकडे घेतले. ज्ञानी, सुसंस्कृत, भाषेवर प्रभुत्व असलेल्या माणसांचा हा अनुभव आहे.

उलट टोकाचं उदाहरण ‘ईव्ह ऑनलाइन’मधलं. आइसलंडच्या या अंतराळखेळात ‘बँड ऑफ ब्रदर्स’ ही बलाढ्य आघाडी वर्षानुवर्षं उभी होती. २००९ च्या फेब्रुवारीत तिच्या प्रमुख कॉर्पोरेशनचा एक संचालक शत्रुपक्षाला, म्हणजे गूनस्वार्मला, जाऊन मिळाला. त्याच्या रोलमध्ये आघाडी बरखास्त करण्याचा अधिकार होता. त्याने तो वापरला. हजारो खेळाडूंनी उभारलेली आघाडी बटणाच्या एका दाबाने मिटली आणि तिचं नावही शत्रूने नोंदवून टाकलं. सगळं खेळाच्या नियमांत बसत होतं. या घटनेला फितुरीची गोष्ट म्हणून सांगतात, मी मात्र तिच्याकडे रचनेतली चूक म्हणून पाहतो. ज्या माणसाला रोजच्या कामासाठी दोन-चार किल्ल्या पुरल्या असत्या, त्याच्या हाती अख्खा जुडगा दिला होता.

आज बहुतेक गेमिंग समूह डिस्कॉर्डवर नांदतात आणि तिथे हीच चूक एका चौकटीवर टिचकी मारण्याइतकी सोपी झाली आहे. २०१५ मध्ये आलेल्या या सेवेत सर्व्हर, त्यात टेक्स्ट आणि व्हॉइस चॅनल, आणि सदस्यांना द्यायचे रोल अशी मांडणी असते. रोलच्या परमिशन बारकाईने वेगळ्या केलेल्या आहेत. दुसऱ्याचा माइक म्यूट करणं, त्याचे कान बंद करणं, त्याला दुसऱ्या खोलीत हलवणं, काही काळ टाइमआउट देणं, बाहेर काढणं, कायमचं बॅन करणं, ही सगळी स्वतंत्र बटणं आहेत. पण त्याच यादीत ‘ॲडमिनिस्ट्रेटर’ नावाचं एक बटण आहे आणि ते दाबलं की चॅनलवर घातलेली सगळी बंधनं त्या माणसापुरती संपतात. वेळ नसलेला सर्व्हरमालक भरवशाच्या मित्राला हेच बटण देऊन मोकळा होतो. भरवसा खराच असतो. पण मित्राचं खातं एखाद्या खोट्या लिंकमुळे भलत्याच्या हाती गेलं, तर त्या भरवशासकट सगळं घर जातं.

दुसरी एक खाच जाणकारांनाही चकवते. एका चॅनलवर एका रोलला बोलायला मनाई आहे आणि दुसऱ्या रोलला स्पष्ट परवानगी आहे, आणि सदस्याकडे दोन्ही रोल आहेत. अशा वेळी परवानगी जिंकते. म्हणून ‘म्यूटेड’ नावाचा रोल करून निश्चिंत झालेल्या मॉडला तोच माणूस त्या खोलीत आरामात बोलताना ऐकू येतो. रोल जितके जास्त, तितक्या अशा खाचा जास्त. पंचवीस रंगीबेरंगी रोल असलेला सर्व्हर शिस्तीचा दिसतो, पण कुठला रोल नेमकं काय उघडतो हे त्याच्या मालकालाही सांगता येत नाही.

याला कंटाळून काही जण म्हणतात, आम्हाला रोलच नकोत, आम्ही सगळे मित्र. स्त्रीमुक्ती चळवळीतल्या जो फ्रीमन यांनी १९७० मध्येच या भूमिकेला उत्तर दिलं होतं. रचना नाकारणाऱ्या गटातही सत्ता असतेच. ती फक्त दिसत नाही, आणि न दिसणाऱ्या सत्तेला जाब विचारता येत नाही.

आवाजाच्या खोलीत हे सगळं जास्त बिकट का होतं? लिहिलेली शिवी पडद्यावर राहते. ती दाखवता येते, तिचा संदर्भ तपासता येतो. बोललेलं हवेत विरतं. डिस्कॉर्ड व्हॉइस चॅनलमधलं बोलणं साठवत नाही, आणि २०२४ पासून त्याने आवाजाला टोकापासून टोकापर्यंत कूटबद्ध करायला सुरुवात केली. खासगीपणासाठी ते योग्यच आहे आणि त्याबद्दल माझी तक्रार नाही. पण त्यातून निघणारी विषमता ओळखायला हवी. सर्व्हरच्या ऑडिट लॉगमध्ये कुणी कुणाला म्यूट केलं हे पंचेचाळीस दिवस दिसतं. तो काय बोलला होता हे मात्र कुठेच नसतं. शिक्षेची नोंद आहे, गुन्ह्याची नाही. मग दुसऱ्या दिवशी ‘मी असं बोललोच नाही’ म्हणणाऱ्याचं खरं मानायचं की मॉडचं? अशा जागी मॉडचा शब्द हाच पुरावा ठरतो. म्हणूनच त्या शब्दावर बंधन हवं.

आवाजांच्या गर्दीला शिस्त लावण्याची आपल्याकडची एक रीत मला इथे फार मोलाची वाटते. आळंदीहून निघालेली ज्ञानेश्वर महाराजांची पालखी मुक्कामी पोचली, की समाजआरतीच्या आधी चोपदार दंड उंचावतात आणि हजारो टाळ एकदम थांबतात. ज्या दिंडीची काही तक्रार असेल ती मात्र टाळ वाजवत राहते. चोपदार त्या दिंडीकडे जातात, म्हणणं ऐकून घेतात, आणि मगच आरतीकडे वळता येतं. शांततेचा हुकूम देणाऱ्यानेच तो न पाळण्याची एक मान्य वाट ठेवली आहे. गेमिंग समूहांत पहिला भाग सर्वत्र आहे, दुसरा जवळपास कुठेच नाही. ज्याचा माइक बंद केला त्याने टाळ वाजवायचा कुठे?

माझ्या मते म्यूट करणाऱ्याने त्याच बैठकीत, ठरलेल्या टेक्स्ट चॅनलवर, कारण एका ओळीत लिहावं. त्या चॅनलवर म्यूट झालेल्यालाही लिहिता यावं. आणि त्याचं गाऱ्हाणं म्यूट करणाऱ्याने ऐकू नये, दुसऱ्याने ऐकावं. एवढ्यासाठी मोठी घटना लिहायची गरज नाही, मॉड म्हणून दोन माणसं असली तरी पुरतं. शिक्षाही पायरीपायरीने वाढावी. सामाईक कुरणं आणि कालवे लोक स्वतः कसे सांभाळतात याचा अभ्यास करणाऱ्या एलिनॉर ऑस्ट्रॉम यांना २००९ मध्ये अर्थशास्त्राचं नोबेल मिळालं. टिकून राहिलेल्या समूहांत पहिल्या चुकीला सौम्य शिक्षा आणि पुन्हा चुकल्यास कडक शिक्षा असते, हे त्यांनी दाखवलं. डिस्कॉर्डवर त्या पायऱ्या तयारच आहेत. म्यूट, मग टाइमआउट, तोही अठ्ठावीस दिवसांच्या वर जात नाही, मग किक, आणि शेवटी बॅन. तरी रागाच्या भरात थेट बॅनवर जाणारे मॉड पुष्कळ, कारण त्यांच्याकडे सगळी बटणं पहिल्या दिवसापासून असतात. नव्या मॉडला आधी फक्त म्यूट आणि हलवण्याचा अधिकार द्यावा, बॅनचा नाही.

जे काम खोलीची रचना करू शकते, ते माणसाकडे देऊच नये. चौघांच्या स्क्वॉडसाठीची खोली असेल तर तिची मर्यादा चार ठेवावी, पाचव्याला ‘बाहेर जा’ म्हणण्याची वेळच येत नाही. (‘मूव्ह मेंबर्स’चा अधिकार असलेल्यांना ही मर्यादा अडवत नाही, म्हणून तोही जपून द्यावा.) सामन्याच्या खोलीत बटण दाबून बोलण्याची सक्ती करता येते, म्हणजे कुणाच्या घरचा पंखा आणि कुकरची शिट्टी सगळ्यांच्या कानात जात नाही. सूचना देणाऱ्याला ‘प्रायॉरिटी स्पीकर’ करता येतं. तो बोलताना बाकीच्यांचा आवाज आपोआप खाली जातो, त्यांना गप्प करावं लागत नाही. रेड लीडरला लागणारी सत्ता खरं तर एवढीच असते. आपली मुलं ज्याला आयजीएल म्हणतात, त्या स्क्वॉडच्या म्होरक्यालाही एवढीच लागते. सामना संपला की तीही संपली पाहिजे. लॉबी मात्र सगळ्यांसाठी खुली असावी आणि नव्या माणसाला तिथे पहिल्या दिवसापासून बोलता यावं. ऐकणारा म्हणून आठवडाभर बसवलेला माणूस समूहाचा होत नाही.

या सगळ्याची खरी कसोटी बाईचा आवाज खोलीत आला की लागते. कुझ्नेकॉफ आणि रोझ या संशोधकांनी ‘हेलो ३’ या खेळात आधी ध्वनिमुद्रित केलेली वाक्यं वापरून प्रयोग केला. स्त्रीच्या आवाजाला पुरुषाच्या आवाजाच्या तिप्पट नकारात्मक शेरे मिळाले. २०१५ मध्ये कासुमोव्हिक आणि कुझ्नेकॉफ यांना त्याच खेळात असंही आढळलं, की वाईट खेळणारे पुरुष स्त्री-आवाजाशी जास्त वैराने वागतात. टाइप करताना ओळख झाकता येते, माइक उघडताच ती उघड होते. म्हणून पुष्कळ मुली माइक बंद ठेवूनच खेळतात. एकेका ऐकणाऱ्याला स्वतःपुरता कुणाचाही आवाज कमी करता येतो, पण ‘तूच त्याला म्यूट कर ना’ हा सल्ला अन्यायाचा आहे. तिने त्याला बंद केलं तरी बाकीचे तिच्याबद्दल त्याचं ऐकतच राहतात. हा प्रश्न खोलीचा आहे, तिच्या एकटीचा नाही.

आपल्याकडे २०२० च्या सप्टेंबरात पब्जी मोबाइलवर बंदी आली, २०२१ च्या जुलैत त्याचीच भारतीय आवृत्ती, बीजीएमआय, आली, मग तीही काही महिने ॲप स्टोअरमधून गायब झाली आणि २०२३ मध्ये परतली. २०२५ च्या ऑगस्टमधल्या केंद्रीय कायद्याने पैसे लावून खेळायच्या खेळांवर बंदी घातली आणि ई-स्पोर्ट्सला मान्यता दिली. या सगळ्या चर्चेत पैसा, व्यसन आणि चीन हे विषय आले. मुलं एकमेकांवर कशी सत्ता चालवतात हा विषय आला नाही. खेळ बंद झाला तरी त्यांचे सर्व्हर चालूच होते, आणि ते चालवणारे बहुतेक वेळा दहावी-बारावीची मुलं असतात. शाळेत वर्गप्रतिनिधी होण्यापलीकडे कुठलीही जबाबदारी न मिळालेला मुलगा इथे दोन-तीनशे जणांच्या बोलण्यावर अधिकार ठेवतो. त्याला कुणी काही शिकवलेलं नसतं. पालकांना तो नुसता मोबाइलवर दिसतो.

अशा मुलाशी बोलताना मी एक प्रश्न विचारेन: तू कॉलेजसाठी दुसऱ्या शहरात गेलास आणि खेळणं थांबलं, तर या सर्व्हरचं काय होईल? डिस्कॉर्डवर मालकाला सर्व्हर नुसता सोडून जाता येत नाही. तो दुसऱ्याच्या नावे करावा लागतो, नाहीतर मिटवून टाकावा लागतो. ती निवड परीक्षेच्या आदल्या रात्री घाईत करण्याऐवजी आधीच करावी. कोण मालक होईल, त्याला बाकीच्या मॉडांची संमती आहे का, जुन्या मालकाचे अधिकार कधी काढायचे, हे सगळ्यांना वाचता येईल अशा जागी लिहून ठेवावं आणि दर सहा महिन्यांनी रोलची यादी उघडून, जे आता येतच नाहीत त्यांच्याकडची बॅनची परमिशन काढून घ्यावी.